माझ्या अंगावरची माशी

मित्रांनो, मी एक जुनी फिल्म आहे. जुनी म्हणजे नेमकी किती, हे वयाच्या बाबतीत सगळेच ठेवतात तसं मीही जरा मोघम ठेवते. पत्र्याच्या गोल डब्यात गुंडाळलेली, बोटभर रुंद, शंभरेक पावलं लांब. तुमच्या फोनवर दिवसभर ज्या रील सरकत असतात ना, त्यांची मी पणजी लागते. फरक इतकाच, की त्यांना बोटानं सारलं की झालं. मला बघायचं तर आधी खोलीत अंधार करावा लागायचा, पडदा ताणून बांधावा लागायचा आणि मुलांना खुर्च्या ओढू नका म्हणून चारदा सांगावं लागायचं.

माझ्या पोटात सात मिनिटांची गोष्ट आहे, हलत्या चित्रांची, काळ्यापांढऱ्या रंगातली. एक बगळा असतो, संगीताचा मास्तर. ताठ कॉलर, चोचीच्या मध्यावर चष्मा, पंखात छडी. नाकावर माशी बसू न देणारा माणूस म्हणतात, तसला हा पक्षी. त्याच्याकडे पियानो शिकायला येते एक लहान पाणघोडी. गोल गरगरीत, कानाला फीत बांधलेली, आणि स्वभावानं इतकी सरळ की समोरच्या कागदावर जो सूर लिहिला असेल तो वाजवायचा, एवढंच तिला ठाऊक. कागदावर पाच रेघा, रेघांवर काळे ठिपके. एक ठिपका, एक सूर.

धडा सुरू होतो आणि खिडकीतून एक माशी येऊन त्या कागदावर बसते. पाणघोडीला काय, एक ठिपका वाढला. ती तोही वाजवते. माशी चालायला लागते, गाणंही तिच्यामागून चालायला लागतं. मास्तर छडी आपटतो. तो कागद बघायला वाकतो तेव्हा माशी गेलेली असते. तो पाठ फिरवतो तेव्हा परत आलेली असते. मग चौथ्या मिनिटाला ती माशी शिंकते. हो, शिंकते. कागद उधळतात, पियानोचं झाकण मास्तरच्या पंखावर पडतं, आणि तिथून पुढे त्या खोलीत जे काही होतं ते शब्दांत सांगण्यासारखं नाही. शेवटी पियानोचे पाय मोडलेत, मास्तरची कॉलर एका बाजूनं सुटलीय, आणि माशी येऊन बसते थेट त्याच्या चोचीच्या टोकावर. तो डोळे तिरळे करून तिच्याकडे बघतो. बराच वेळ बघतो. आणि मग मोडक्या स्टुलावर बसून माशी चालेल तसं स्वतःच वाजवायला लागतो. पाणघोडी टाळ्या वाजवते. संपलं.

एवढीशी गोष्ट. पण मित्रांनो, ती माशी मुळात गोष्टीत नव्हतीच. ती कशी आली ते सांगते, कारण माझं जे काही बरंवाईट झालं ते तिच्यामुळे.

मला जिथं बनवलं, त्या इमारतीला लाकडी जिना होता. वरच्या मजल्यावर पुरुष बसून पेन्सिलीनं चित्रं काढायचे. ती गठ्ठ्यानं खाली यायची, आणि खाली लांबलचक खोलीत चौदा बायका उतरत्या टेबलांशी बसून ती चित्रं पारदर्शक कागदांवर शाईनं उतरवायच्या, मग कागद उलटा करून मागून रंग भरायच्या. हातात पांढरे सुती मोजे, त्यांची दोन बोटं कापलेली. रंग म्हणजे काळा, पांढरा आणि सात प्रकारचे राखाडी. दिवसभर त्या खोलीत "अगं, चार नंबरचा राखाडी संपला का?" असंच ऐकू यायचं. पंखा लावायचा नाही, कागद उडतात. शिंक आली तर बाहेर जाऊन द्यायची. आणि सगळ्यांत मोठा नियम हा, की वरून जे येईल ते तसंच्या तसं उतरवायचं, वर जाऊन विचारायचं नाही.

त्या चौदाजणींत सर्वांत लहान होती ती एकोणीस वर्षांची. डोळ्यांतली बुबुळं, कोटाची बटणं, कागदावरचे सूर असली बारीक कामं तिच्याकडे. म्हणून तिला सगळ्या ठिपका म्हणायच्या. "ए ठिपका, तुझा बगळा आंधळा ठेवलायस, बुबुळ कोण देणार, तुझी सासू?" असं चालायचं.

तर झालं असं. मूळ गोष्टीत माशी नव्हती, एक बोका होता. तो पियानोत शिरून गोंधळ घालायचा. बोका यायच्या आधीचं, मुलगी शांतपणे वाजवतेय असं एक लांब दृश्य होतं. त्याच्या पहिल्याच चित्रावर वरच्या मजल्यावर चित्रांना आकडे घालणाऱ्या कुणाच्या तरी टाकातून शाईचा एक थेंब पडला, नेमका सुरांच्या कागदावर. ठिपकानं तो सूर समजून उतरवला. पुढच्या चित्रावर बघते तर तो नाही. तिला वाटलं, वरचे विसरले. वरच्यांनी विसरलेलं खालच्यांनी गुपचूप भरून काढायचं, हीही तिथली रीतच होती. तिनं तो पुढच्या चाळीस कागदांवर आपल्या मनानं भरला. खाली खूण नव्हती, नुसत्या नजरेचा अंदाज. त्यामुळे प्रत्येक कागदावर तो जरा इकडे, जरा तिकडे पडला.

आठवड्यानं तेवढा तुकडा छोट्या खोलीत पडद्यावर लावून बघितला. पुढे खुर्च्यांवर पुरुष, मागे भिंतीला टेकून बायका. पाणघोडी वाजवतेय आणि तिच्या कागदावर एक काळा ठिपका तुरुतुरु चाललाय.

"थांबवा," साहेब म्हणाले. साहेब म्हणजे या सगळ्या कारखान्याचे मालक आणि दिग्दर्शक. "ही माशी कुणाची?"

कुठे माशी शिंकली ते मागच्या भिंतीला एव्हाना कळलं होतं.

"माझी," ठिपका म्हणाली. "म्हणजे माझी नाही, साहेब. मला वाटलं तो सूर आहे."

"सूर असा फिरायला जातो का?"

"नाही साहेब."

"मग हा का चाललाय?"

"हात हलला असेल."

साहेबांनी तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला. मग पुन्हा. तिसऱ्या खेपेला कोपऱ्यातल्या पियानोवर बसलेल्या वादकानं, काही काम नव्हतं म्हणून, तो ठिपका जाईल तसं वाजवायला सुरुवात केली. पुढच्या खुर्च्यांवरचं कुणीतरी फसकन हसलं. मग सगळेच. साहेब डोळे पुसत म्हणाले, "बोका रद्द."

ठिपकाला वाटलं होतं, आज घरी पाठवतात. तिला घरी नाही पाठवलं. सगळ्या माश्या तिच्याच हातून रंगवून घ्यायचं ठरलं. बायका जिना उतरायला लागल्या तरी ती तिथंच उभी.

"साहेब, ती शिंकेल का?"

"कोण?"

"माशी."

"ती का शिंकेल?"

"काही बिघडायचं असलं की शिंकतेच ना."

साहेबांना एवढं हसू आलं की खोकला लागला. "काढ," ते म्हणाले. "बारा चौकटी देतो. अर्धा सेकंद. तेवढ्यात शिंकली तर शिंकली."

मित्रांनो, पडद्यावर एका सेकंदात आमची चोवीस चित्रं पुढे सरकतात. त्या हिशेबानं तिनं साडेतीन हजार माश्या काढल्या. तीन केसांचा ब्रश, खसखशीच्या दाण्याएवढी माशी. शिंकेच्या बारा चित्रांना तिला नऊ दिवस लागले. हात धुवायच्या जागी आरसा होता, त्याच्यासमोर उभी राहून खोट्या शिंका देऊन बघायची. आधी मान मागे, मग पंख घट्ट, मग सगळं अंग पुढे. तिला शिंकताना बघून बाकीच्या म्हणायच्या, "माशी लागली गं हिला."

फिल्म पूर्ण झाली. सुरुवातीला नावं आली. साहेबांचं, चित्रकारांचं, वादकाचं. बोक्याची गोष्ट लिहिणाऱ्याचंही नाव आलं, आणि बोका तर औषधालाही उरला नव्हता. खालच्या मजल्याचं नाव नव्हतं. ठिपकानं धीर करून विचारलं. "पुढच्या फिल्मला घालू," साहेब म्हणाले, आणि मनापासून म्हणाले. पण पुढची फिल्म अर्धी असतानाच ते दुकान बंद झालं. चौदा बायका चौदा दिशांना गेल्या. ठिपका लग्न होऊन दुसऱ्या गावी गेली. फिल्म लोकांनी पाहिली का, माशीला कुणी हसलं का, हे तिला कधी कळलंच नाही.

मला मात्र कळलं. माझ्यासारख्या सहा प्रती काढल्या होत्या, शाळांना दाखवायला. त्यांतली मी एक. मला मिळाले मशीनवाले काका.

काकांकडे लाकडी पेटीतलं एक मशीन होतं, दुमडणारा पडदा होता, आणि गुडघ्याचं दुखणं होतं. ते शाळाशाळांतून, वाचनालयांतून, इस्पितळातल्या मुलांच्या खोल्यांतून जायचे. मला मशीनवर चढवताना माझ्या कडांवरून अंगठा फिरवायचे, झोपलेल्या मुलाच्या कपाळावरून फिरवतात तसा. मग अंधार. मग मागून उजेड.

तो उजेड कसा असतो ते कसं सांगू. फिल्मला स्वतःच्या पोटात काय आहे ते दिसत नाही. मागून उजेड आला की मगच आपण कोण आहोत ते समोर जाऊन पडतं. आणि समोरून ते हसू. पहिल्या मिनिटाला खुसखुस, दुसऱ्याला खिदळणं, आणि चौथ्या मिनिटाला, ती शिंकली की, सबंध खोली फुटायची. एका शाळेत पहिल्या रांगेतली एक मुलगी चप्पल घेऊन पडद्यापर्यंत गेली होती, माशी मारायला. तिच्या बाईंनी तिला धरून आणलं, तर बाईच हसत होत्या.

"काका, परत," मुलं ओरडायची.

"एकदाच हं."

"दोनदा, काका."

"तुमचं दोनदा म्हणजे चारदा असतं. माहितेय मला."

आणि मग ते खरंच चारदा दाखवायचे. मशीन उलटं फिरवायचं, शिंक माशीच्या नाकात परत जायची, की पुन्हा सुलटं. मुलांना उलटी शिंक तर त्याहून आवडायची.

मित्रांनो, माझ्या कडेला बारीक भोकं आहेत. त्यांत मशीनचे दात अडकतात आणि मला ओढतात. एकाच जागी सारखं पुढंमागं केलं की ती भोकं फाटतात. मी शिंकेपाशी तुटायला लागले. काका खिडकीशी बसून फाटलेली चौकट कापायचे, दोन टोकं खरवडून चिकटवायचे. कधी एक चौकट जायची, कधी दोन. कापलेली ते टाकून द्यायचे नाहीत. समोर जे मूल असेल त्याच्या हातावर ठेवायचे. ते मूल ती खिडकीकडे धरायचं, एक डोळा मिटायचं, आणि वहीत घालून घरी न्यायचं. "बाई गं," काका मला म्हणायचे, "तू आवडतेस म्हणून फाटतेस." मला त्याचं काही वाटायचं नाही. खरं सांगते, मला त्याचा अभिमानच होता.

मग घराघरांत टीव्ही आले. मुलांना शाळेतल्या पडद्याचं अप्रूप राहिलं नाही. काकांना मशीन उचलवेना. एका शाळेत खेळ झाला तेव्हा बाहेर पायऱ्या फार होत्या, म्हणून त्यांनी मला तिथल्या कपाटात ठेवलं आणि म्हणाले, "पुढच्या महिन्यात येऊन नेतो हिला."

ते आले नाहीत. त्यांचं काय झालं, ते कपाटाला कोण सांगणार.

त्या कपाटात हवा गेलेले तीन चेंडू होते, टेकू मोडलेला पृथ्वीचा गोल होता आणि मी होते. सुरुवातीला मी दिवस मोजले. मग शाळेची घंटा मोजली. मग मोजणं सोडून दिलं. भिंतीपलीकडे मुलं हसायची, ती दुसऱ्याच कशाला तरी हसायची. प्रत्येक वेळी मला वाटायचं, आता कुणीतरी कपाट उघडेल. मनात मी ती सात मिनिटं चालवायचे, पण चौथ्या मिनिटाला पोचले की पुढे जाववेना. समोरून आवाजच नाही, तर पुढे जायचं कशाला? बंद डब्यात आम्हाला आंबूस वास यायला लागतो आणि आम्ही आकसतो. मी केसाकेसानं आकसत होते. शेजारचा पृथ्वीचा गोल एकदा गडगडत खाली गेला. तेवढीच काय ती घडामोड. अशी चाळीसेक वर्षं गेली.

मग एके दिवशी शाळेला रंग द्यायचा निघाला, कपाट उघडलं, आणि तिथल्या ग्रंथपाल बाईंनी माझा डबा फेकायच्या ढिगातून उचलून बाजूला ठेवला. देव त्यांचं भलं करो. त्यांनी मला जुन्या फिल्म जपणाऱ्या कार्यालयात पाठवलं.

तिथं मला मिळाली धूळवाली. तिला तिच्या खोलीतले सगळे याच नावानं हाक मारायचे. तिशीतली, चष्मा डोक्यावर ठेवून चष्मा शोधणारी. जुन्या फिल्मवरची धूळ, ओरखडे, बुरशी काढायची, हेच तिचं काम. तिनं मला उलगडायला दोन आठवडे लावले, एक चरा पडू दिला नाही. "आकसलीय फार," ती म्हणाली. "मशीनवर चढणार नाही ही आता. एकेक चौकटीचा फोटो काढून नवी प्रत करू." बाकीच्या पाच प्रती कुठेच सापडल्या नव्हत्या. जगात मी एकटीच उरले होते.

आता ऐका, काय झालं. फोटो संगणकावर गेले. संगणकाला धूळ कशी ओळखायची ते शिकवलेलं असतं. जो काळा ठिपका एका चौकटीत एका जागी आहे आणि पुढच्या चौकटीत त्या जागी नाही, ती धूळ. पुसून टाक. मित्रांनो, चालणारी माशी याहून वेगळं काय करते? धूळवालीच्या नजरेला माशी पडली नाही असं नाही, पण जी दिवसभर धूळच पुसते तिला प्रत्येक ठिपका धूळच दिसणार. आवाज साफ करणाऱ्यानं माशीची गुणगुण खराबी म्हणून गाळली. तिघांनीही आपापलं काम चोख केलं. सगळ्या माश्या गेल्या. पाणघोडी, बगळा, पियानो, सगळं लख्ख, कालच काढल्यासारखं. आणि त्यांच्यापैकी कुणीच ही फिल्म लहानपणी पाहिलेली नव्हती.

रविवारी सकाळी अकरा वाजता वरच्या सभागृहात खेळ ठेवला. वर्तमानपत्रात बातमी आली, की जुनी हरवलेली गमतीची फिल्म सापडली आहे, सर्वांना आमंत्रण. मी खाली कामाच्या खोलीत माझ्या डब्यात होते. वर पावलं वाजली, खुर्च्या ओढल्या गेल्या, मग शांत झालं. खेळ सुरू झाला हे मला त्या शांततेवरूनच कळलं. मी वाट बघत होते. एक मिनिट. दोन मिनिटं. चौथं मिनिट आलं आणि गेलं.

कुणी हसलं नाही.

मला आधी वाटलं, मधलं छत जाड असेल.

वर काय झालं ते मला नंतर कळलं, कारण धूळवालीला काम करताना स्वतःशी बोलायची सवय आहे. माशी काढून घेतलेली ती सात मिनिटं म्हणजे काय उरलं? एक गुणी पोर समोरचं नीट वाजवतेय, मधेच उगाच चुकतेय, आणि एक उंच मास्तर तिच्यावर छडी घेऊन धावतोय. लोक अस्वस्थ होऊन बसले होते. कुणीतरी शेजारणीला म्हणालंसुद्धा, "जुन्या काळी असल्याला विनोद म्हणायचे." तेवढ्यात तिसऱ्या रांगेतून एक म्हातारी अंधारात उभी राहिली.

"माशी कुठंय?"

"आई, खाली बस," तिच्या शेजारचा माणूस म्हणाला.

"अरे, माशीशिवाय ती पोर चुकेल कशाला? तिला विनाकारण मारतोय तो."

"आई, लोक बघतायत."

दिवे लागल्यावर तो माणूस धूळवालीपाशी आला. पन्नाशीचा, खिशाला दोन पेनं, गणिताचा मास्तर. सोबत त्याची बायको आणि दोन मुली. "माफ करा हं," तो म्हणाला. "आई तरुणपणी असल्या कारखान्यात रंग भरायची. एका फिल्ममध्ये माझी माशी आहे, ती शिंकते, असं मी लहान असल्यापासून सांगतेय. आम्हाला पाठ आहे ते. घरात काही बिघडलं की आम्ही म्हणतोही, आईची माशी शिंकली. आज बातमी वाचून हट्टच धरला, सगळे चला, दाखवते म्हणाली. आता हे असं." त्याचा स्वर रागाचा नव्हता. आईची लाज झाकायची होती त्याला. म्हातारी मागे उभी होती आणि दोन्ही नाती तिच्याकडे बघत नव्हत्या, हे तिला दिसत होतं.

"आजी," धूळवालीनं विचारलं, "केवढी होती माशी?"

"खसखशीच्या दाण्याएवढी."

"खाली या माझ्याबरोबर. सगळेच या."

डबा उघडला. खाली दिवा असलेल्या काचेच्या टेबलावर तिनं मला पसरलं, आणि किती वर्षांनी माझ्या अंगात मागून उजेड आला. धूळवालीनं भिंग लावून चौकट शोधली आणि म्हातारीला खुर्ची दिली.

म्हातारीनं डोळा लावला. मला तिचा हात ओळखू आला नाही. कसा येणार, फार वर्षं झाली. पण तिनं मला ओळखलं.

"ही," ती म्हणाली. "हीच. डावा पंख आखूड आहे बघ हिचा. संध्याकाळी पाचची घाई, दुसरं काय."

"मी पुसली हो, आजी," धूळवाली रडवेली झाली होती. "सगळ्या पुसल्या. मला वाटलं धूळ आहे."

"म्हणजे कामाच्या वेळात माश्याच मारत बसलीस म्हणायची." आणि धूळवालीच्या तोंडाकडे बघून, "अगं, रडू नको पोरी. मलाही आधी तो सूरच वाटला होता."

मग ती सरकत सरकत शिंकेपाशी आली. मान मागे. पंख घट्ट. आणि थांबली. "या बारा होत्या. पाचच आहेत."

"इथं सांधे आहेत, आजी. एक, दोन, तीन, चार. सबंध फिल्ममध्ये आणखी कुठं नाहीत एवढे. याच जागी सारखी फाटलीय."

"याच जागी का?"

"मशीन मागं घेऊन घेऊन दाखवली की फाटते. कुणीतरी ही शिंक परत परत बघितलीय, आजी. खूप वेळा. भोकं झिजलीत बघा, वर्षानुवर्षं बघितल्यासारखी."

म्हातारीनं मोजा न घातलेलं बोट त्या सांध्यांवर ठेवलं. कुणालाही असं बोट लावू देत नाहीत तिथं, पण धूळवालीनं तिला अडवलं नाही. साठ वर्षं जे कुणी तिला सांगितलं नव्हतं, ते ती बोटानं वाचत होती.

"मधल्या सात मी संगणकावर भरू शकते," धूळवाली हळूच म्हणाली. "कळणारही नाही."

"नको. ज्यांनी बघून बघून संपवल्या त्यांच्याकडे असू देत." मग तिनं मान वळवली. "मास्तर, या. तुम्हाला पुरावा लागतो ना."

मुलगा दाराशी पिशवी धरून उभा होता. तो आला, वाकला, डोळा लावला. धूळवालीनं मला त्या पाच चौकटींवरून हळूहळू ओढलं. तिनं मला मागे घेऊन पुन्हा ओढलं.

"आई," तो वर न बघता म्हणाला, "ही खरंच शिंकतेय गं."

आणि हसला. आधी नाकातल्या नाकात, मग खांदे हलवून, मग भिंगाला कपाळ टेकवून, पन्नाशीचा तो गणिताचा मास्तर. त्याचा श्वास माझ्यावर पडत होता. त्याच्या मुली "बाबा, आम्हाला बघू" म्हणून त्याला ढकलत होत्या आणि तो हटत नव्हता. म्हातारी भिंगाकडे बघत नव्हती. ती त्याच्याकडे बघत होती.

त्यानंतर धूळवालीनं एकेका माशीला आपल्या हातानं जागेवर परत बसवलं. प्रत्येकीपाशी संगणकाला सांगायचं, ही धूळ नाही. सव्वा महिना लागला. आता नव्या प्रतीत सुरुवातीला साहेबांच्या नावाखाली एक ओळ जास्त आहे. 'माशी', आणि पुढे म्हातारीचं पूर्ण नाव. ती प्रत पुष्कळ ठिकाणी जाते. मुलं हसतात म्हणे. मी जात नाही. मी थंड खोलीत, आडव्या फळीवर, नव्या डब्यात असते. माझ्यातून पुन्हा उजेड जाणार नाही, कारण मी आता कुठल्याच मशीनवर बसत नाही. तो उजेड आठवला की अजून जीव तुटतो. खोटं कशाला बोलू.

म्हणून मित्रांनो, तुमच्याकडे एकच मागणं आहे. जुनं काही हाती आलं तर पुसायच्या आधी जरा थांबा आणि विचारा, हा डाग कुणाचा. आणि घरातलं कुणी म्हातारं माणूस पुन्हा तीच गोष्ट सांगायला लागलं, तर "पाठ आहे आम्हाला" म्हणू नका. त्यांच्याजवळ बसा, आणि गोष्ट एकदा उजेडासमोर धरून बघा. जरा लवकर बघा. आम्ही रोज थोडं थोडं आकसत असतो.